शनिवार कोणाचा? आयर्लंडच्या पहिल्या पिढ्यांतल्या फुटबॉलपटूंची कारकीर्द

आंतरराष्ट्रीय फुटबॉलपटू किती मोठा, हे ठरवायची सगळ्यांत सोपी रीत म्हणजे त्याच्या कॅप मोजणं. देशासाठी एक सामना खेळला की एक कॅप. आयर्लंडच्या १८८२ ते १९५० या काळातल्या खेळाडूंना मात्र ही पट्टी लावली की हिशेब विस्कटतो. बेलफास्टच्या डिस्टिलरी क्लबच्या ऑल्फर्ट स्टॅनफिल्डच्या नावावर तीस कॅप आहेत. इंग्लंडच्या साखळीत ज्याची गणना आपल्या काळातल्या सर्वोत्तम खेळाडूंत होत होती, तो पीटर डोहर्टी सोळावर थांबतो. बिल मॅक्रॅकनच्या आंतरराष्ट्रीय कारकिर्दीत मधली दहा-बारा वर्षं कोरी आहेत. १९१४ साली आयर्लंडला विजेतेपद मिळवून देणारा कर्णधार पॅट्रिक ओकॉनेल जेमतेम पाच-सहा सामने खेळला. आणि जॉनी केरीच्या कॅप दोन वेगवेगळ्या रकान्यांत लिहाव्या लागतात, कारण तो दोन आयर्लंडकडून खेळला.

या विषयावर लिहिताना बहुतेक जण दोन प्रश्नांभोवती फिरतात. हे खेळाडू किती चांगले होते, आणि फाळणीनंतर ते कोणत्या आयर्लंडचे? दोन्ही प्रश्न रास्त आहेत. पण त्यांच्या आधीचा एक प्रश्न मला जास्त उपयोगी वाटतो : या माणसाचा शनिवार कोणाच्या ताब्यात होता? ब्रिटिश बेटांवर शनिवार हा सामन्याचा दिवस. तो क्लबचाही होता आणि देशाचाही. खेळाडूने त्या दिवशी कुठे खेळायचं हे कधी बेलफास्टच्या निवड समितीने ठरवलं, कधी शेफील्ड किंवा मँचेस्टरच्या क्लबच्या संचालकांनी, तर कधी दोन संघटनांमधल्या करारांनी. खेळाडूच्या स्वतःच्या हातात त्यातलं फार थोडं होतं. हे ध्यानात ठेवलं की आकडे कुठे फुगले आणि कुठे आटले याचा उलगडा होतो.

सुरुवात बेलफास्टपासून. जॉन मॅकॅलरी या तिथल्या व्यापाऱ्याने १८७८मध्ये दोन स्कॉटिश संघांचा प्रदर्शनीय सामना शहरात भरवला, पुढच्याच वर्षी क्लिफ्टनव्हिल हा क्लब काढला आणि १८८०च्या नोव्हेंबरात आयरिश फुटबॉल असोसिएशन, म्हणजे आयएफए, उभी राहिली. पहिला आंतरराष्ट्रीय सामना १८ फेब्रुवारी १८८२ रोजी बेलफास्टमध्ये इंग्लंडशी झाला. मॅकॅलरीच कर्णधार होता. आयर्लंड ०-१३ असा हरला. इंग्लंडचा हा आजवरचा सर्वांत मोठा विजय. आठवड्याभरात वेल्सविरुद्धही पराभव झाला, पण त्या सामन्यात सॅम जॉन्स्टन या पंधरा वर्षांच्या मुलाने आयर्लंडचा पहिला आंतरराष्ट्रीय गोल केला.

पहिला विजय मिळायला १८८७चा मार्च उजाडावा लागला. वेल्सला ४-१ असं हरवलं. त्याच वर्षी स्टॅनफिल्ड संघात आला आणि १८९७पर्यंत राहिला. त्या काळी आयर्लंडचे सामने वर्षाला तीनच : इंग्लंड, स्कॉटलंड आणि वेल्सशी. म्हणजे अकरा मोसमांत फार तर तेहतीस. त्यांतले तीस सामने तो खेळला. त्या वेळी जगात कोणाच्याही नावावर इतके आंतरराष्ट्रीय सामने नव्हते. बहुतेक सामने हरणाऱ्या संघाकडून खेळल्यामुळे त्याचं नाव आज फारसं कोणी घेत नाही, ही माझ्या मते मोठी उपेक्षा आहे. १८९१मध्ये वेल्सविरुद्धच्या ७-२ अशा विजयात चार गोल एकट्या स्टॅनफिल्डचे होते. पण त्याच्या तीस कॅपमागे आणखी एक कारण होतं, तेही मान्य करायला हवं. संघ निवडणारी मंडळी बेलफास्टची, खेळाडूही मुख्यतः तिथल्याच तीन-चार क्लबांचे. स्टॅनफिल्ड निवड समितीच्या रोजच्या नजरेसमोर होता आणि त्याचा शनिवार मागणारा दुसरा कोणी नव्हता.

इथे थोडं आडवळण घेतो, कारण पुढे त्याचं काम पडणार आहे. फुटबॉलमधली पेनल्टी किक ही आयर्लंडची देणगी. आर्मा परगण्यातल्या मिलफर्ड या तागाच्या गिरणीच्या गावात विल्यम मॅक्रम नावाचा गोलरक्षक होता, गिरणीमालकाचा मुलगा. गोल होणार असं दिसताच बचावपटू सरळ माणूस पाडतात किंवा चेंडू हाताने अडवतात, याचा त्याला उबग आला होता. त्याने सुचवलेला नियम आयएफएने पुढे नेला. इंग्लंडमध्ये आधी आरडाओरडा झाला. सभ्य माणूस मुद्दाम नियम मोडेल असं गृहीत धरणंच अपमानाचं आहे, असा सूर निघाला. तरी जून १८९१मध्ये नियम मंजूर झाला. मैदानावर सपाटून हरणारा हा छोटा देश खेळाचे नियम घडवताना मात्र मागे नव्हता.

शतक संपता संपता घरच्या खेळाडूंवर विसंबण्याची रीत कोसळली. इंग्लंडमध्ये व्यावसायिक फुटबॉल १८८५पासून अधिकृत होता आणि आयर्लंडची चांगली पोरं समुद्र ओलांडून तिकडे चालली होती. आयएफए मात्र फक्त आयर्लंडमध्ये खेळणाऱ्यांनाच निवडत होती. फेब्रुवारी १८९९मध्ये संडरलंडला इंग्लंडने १३-२ असा फडशा पाडला, तेव्हा समितीचे डोळे उघडले. त्याच वर्षी इंग्लंडमधल्या क्लबांकडून खेळणाऱ्या आयरिश खेळाडूंना दार उघडलं. हा निर्णय योग्यच होता. पण त्या दिवसापासून आयरिश आंतरराष्ट्रीय खेळाडूच्या शनिवारावर दुसरा हक्कदार आला, आणि तो पगार देणारा होता.

या ओढाताणीचा पहिला मोठा बळी बिल मॅक्रॅकन. बेलफास्टचा हा फुलबॅक १९०४मध्ये न्यूकॅसलला गेला आणि १९२३पर्यंत तिथेच राहिला. १९०५, १९०७ आणि १९०९मध्ये न्यूकॅसल इंग्लंडची साखळी जिंकला, १९१०मध्ये एफए कप जिंकला. मॅक्रॅकनची ख्याती ऑफसाइडच्या सापळ्यामुळे. त्या काळच्या नियमानुसार चेंडू पुढे दिला जाताना आघाडीपटू आणि गोलरेषा यांच्यामध्ये प्रतिस्पर्ध्यांचे किमान तिघे असावे लागत. मॅक्रॅकन नेमक्या क्षणी पुढे सरकायचा आणि समोरचा आघाडीपटू ऑफसाइड ठरायचा. प्रेक्षक चिडायचे, सामने मधल्या पट्ट्यात अडकायचे. बाकीचे क्लबही त्याची नक्कल करू लागले, गोल आटले आणि १९२५मध्ये तिघांऐवजी दोघे असा नियम बदलावा लागला. एका बचावपटूच्या डोक्यामुळे साऱ्या जगाचा खेळ बदलला, असं फार थोड्यांबद्दल म्हणता येईल.

अशा माणसाला आयर्लंडने १९०८मध्ये बाहेर काढलं. इंग्लंडविरुद्धच्या सामन्यासाठी त्याने इंग्लंडच्या खेळाडूंइतकंच मानधन मागितलं होतं. एकाच मैदानावर, त्याच नव्वद मिनिटांसाठी, त्याच तिकिटांच्या पैशातून. मला या मागणीत गैर काही दिसत नाही. आयएफएला ती बंडखोरी वाटली आणि तिने त्याच्यावर बंदी घातली. तो परत आयर्लंडकडून खेळला तो महायुद्धानंतर, १९१९मध्ये. मधल्या वर्षांतली शेवटची पाच युद्धाने गिळली हे खरं, पण आधीची सहा संघटनेने वाया घालवली. न्यूकॅसल १९०९ची साखळी आणि १९१०चा एफए कप जिंकत असताना, पंचविशी-तिशीतला तो खेळाडू देशाच्या संघाबाहेर होता. इंग्लंडमधल्या व्यावसायिकांच्या वेतनावर तेव्हा आठवड्याला चार पौंडांची कमाल मर्यादा होती, हे लक्षात घेतलं की एका आंतरराष्ट्रीय सामन्याच्या मानधनाची किंमत कळते.

याच पिढीतला व्हॅल हॅरिस निराळ्या कुंपणावरून उडी मारून आला होता. डब्लिनच्या रिंग्सेंड या गोदीकाठच्या वस्तीतला हा मुलगा आधी गेलिक फुटबॉल खेळायचा. १९०१ची अखिल आयर्लंड स्पर्धा जिंकणाऱ्या डब्लिनच्या संघात तो होता. मग तो शेल्बर्नकडे आला, १९०६मध्ये आयरिश कप डब्लिनला आणणारा पहिला क्लब शेल्बर्न ठरला, आणि हॅरिस पुढे एव्हर्टनला गेला. गेलिक अॅथलेटिक असोसिएशनने ‘परकीय’ खेळ खेळणाऱ्यांना आपल्या मैदानांवर मज्जाव केला होता, आणि ही बंदी १९७१पर्यंत टिकली. दक्षिणेतल्या मुलासाठी फुटबॉल निवडणं म्हणजे काहीतरी सोडणंही होतं. उत्तरेतल्या समीक्षकांच्या लिखाणात हे फारसं येत नाही.

आता १९१३ आणि १९१४. या दोन वर्षांवर थांबायलाच हवं.

फेब्रुवारी १९१३पर्यंत, म्हणजे एकतीस वर्षांत, आयर्लंडने इंग्लंडला एकदाही हरवलं नव्हतं. त्या महिन्यात विंडसर पार्कवर शेफील्ड युनायटेडचा बिली गिलेस्पी पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळायला उतरला. आयर्लंडचा एक खेळाडू जखमी झाल्याने उरलेले दहा जण झुंजत होते. बदली खेळाडू ही सोय तेव्हा नव्हतीच. इंग्लंडने आधी गोल केला. मग गिलेस्पीने दोन केले. २-१.

पुढच्या वर्षी संघाची सूत्रं पॅट्रिक ओकॉनेलकडे होती. १८८७मध्ये जन्मलेला, डब्लिनमध्ये वाढलेला हा हाफबॅक बेलफास्ट सेल्टिक, शेफील्ड वेन्सडे असं करत हल सिटीत पोहोचला होता. जानेवारीत रेक्समला वेल्सवर २-१ अशी मात केली, दोन्ही गोल गिलेस्पीचे. फेब्रुवारीत मिडल्सब्रोला इंग्लंडला ३-० असं लोळवलं. त्यातले दोन गोल वेक्सफर्डच्या बिली लेसीचे, एक गिलेस्पीचा. इंग्लंडच्या भूमीवर इंग्लंडला हरवण्याची ही आयर्लंडची पहिलीच वेळ. १४ मार्चला बेलफास्टमध्ये स्कॉटलंडशी बरोबरी विजेतेपदासाठी पुरेशी होती. पाऊस, चिखल. गोलरक्षक जखमी होऊन बाहेर गेला तेव्हा एका फुलबॅकला गोलमध्ये उभं राहावं लागलं. ओकॉनेलचा हात मोडला, तरी तो मैदान सोडायला तयार झाला नाही. स्कॉटलंडने आघाडी घेतली आणि शेवटच्या काही मिनिटांत सॅम यंगने बरोबरी साधली. ब्रिटिश होम चॅम्पियनशिप, म्हणजे या चार संघांची दरवर्षीची स्पर्धा, आयर्लंडने प्रथमच एकट्याने जिंकली.

हे कुठल्या दिवसांत घडलं तेही पाहायला हवं. होमरूलच्या प्रश्नावर आयर्लंड यादवीच्या तोंडाशी उभा होता. स्कॉटलंडच्या सामन्यानंतर आठवडाही उलटला नाही तोच करागच्या छावणीतल्या ब्रिटिश अधिकाऱ्यांनी अल्स्टरवर चालून जायला नकार दिला, आणि एप्रिलमध्ये अल्स्टरच्या स्वयंसेवकांनी लार्न बंदरात हजारो बंदुका उतरवल्या. त्याच बेलफास्टमध्ये डब्लिनच्या कॅथलिक कर्णधाराच्या संघासाठी प्रेक्षक ओरडत होते. यावरून खेळाने समाज एक केला असा निष्कर्ष काढणाऱ्यांशी मी सहमत नाही, कारण पुढच्या सात वर्षांत तोच खेळ फुटला. पण त्या संध्याकाळी सारा आयर्लंड एका संघाच्या मागे होता, हे नाकारण्यातही प्रामाणिकपणा नाही.

त्या वसंतात मँचेस्टर युनायटेडने ओकॉनेलला एक हजार पौंडांना घेतलं आणि कर्णधार केलं. क्लब घसरणीला लागलेला होता. २ एप्रिल १९१५, गुड फ्रायडे. ओल्ड ट्रॅफर्डवर लिव्हरपूलशी सामना. युनायटेड २-० असा जिंकला. दुसऱ्या सत्रात युनायटेडला पेनल्टी मिळाली. ओकॉनेलने चेंडू गोलच्या खांबापासून कितीतरी लांब मारला. सामना ठरवून खेळला गेला होता. २-० या निकालावर मोठ्या पैजा लागल्या होत्या. चौकशीनंतर दोन्ही क्लबांच्या मिळून सात खेळाडूंवर आजीवन बंदी आली. त्यांत युनायटेडचे सँडी टर्नबुल, आर्थर व्हॉली आणि इनॉक वेस्ट होते. ओकॉनेलचं नाव त्या यादीत नव्हतं.

ओकॉनेलवर लिहिणारे इथे दोन तट करतात. काहींच्या लेखी तो सुटलेला गुन्हेगार आहे, काहींच्या लेखी चुकलेली पेनल्टी हा पुरावा नव्हेच. मला वाटतं, त्याच्याबद्दलच्या लिखाणात या एका किकला अवाजवी जागा मिळाली आहे. चौकशी करणाऱ्यांनी त्याला दोषी धरलं नाही. त्यापलीकडे जाऊन आज निकाल देण्याचं साधन आपल्यापाशी नाही. त्या मोसमानंतर महायुद्धामुळे साखळी बंद पडणार हे सगळ्यांना कळून चुकलं होतं, आणि साखळी बंद म्हणजे पगार बंद. सात जणांनी केलं ते समर्थनीय नाही, पण त्यामागची भीती खरी होती. टर्नबुल १९१७मध्ये फ्रान्सच्या रणभूमीवर मारला गेला.

युद्धाने ओकॉनेलची खेळाडू म्हणून उमेदीची वर्षं नेली. पुढे ईशान्य इंग्लंडमधल्या ॲशिंग्टन या कोळसाखाणींच्या गावात तो खेळाडू आणि व्यवस्थापक झाला. १९२२मध्ये मँचेस्टरमध्ये बायको-मुलांना मागे ठेवून तो स्पेनला गेला आणि सांतांदेरच्या रासिंग क्लबचा प्रशिक्षक झाला. कुटुंबाच्या बाजूने पाहिलं तर ही गोष्ट क्लेशाची आहे आणि तिच्यावर पांघरूण घालू नये. फुटबॉलच्या बाजूने पाहिलं तर मात्र आयर्लंडच्या त्या पिढीत इतकं मोठं दुसरं आयुष्य कोणालाच मिळालं नाही. सांतांदेरला सात वर्षं, मग ओव्हिएदो, मग सेव्हिलचा रेआल बेतिस. बेतिस १९३२मध्ये स्पेनच्या पहिल्या श्रेणीत पोहोचला आणि १९३५च्या एप्रिलमध्ये शेवटचा सामना सांतांदेरला, ओकॉनेलच्याच जुन्या रासिंगविरुद्ध, ५-० असा जिंकून विजेता झाला. बेतिसच्या इतिहासातलं हे आजवरचं एकमेव साखळी विजेतेपद आहे. तिथे त्याला सगळे ‘डॉन पॅट्रिसिओ’ म्हणायचे.

त्यानंतर बार्सिलोना. १९३६च्या जूनमध्ये त्याचा संघ स्पॅनिश कपची अंतिम लढत माद्रिदविरुद्ध २-१ असा हरला. महिन्याभरात यादवी पेटली. ऑगस्टमध्ये क्लबचे अध्यक्ष जुसेप सुन्योल यांना फ्रँकोच्या सैनिकांनी गोळ्या घातल्या. ओकॉनेल तेव्हा सुट्टीसाठी आयर्लंडला होता. परतला नसता तरी कोणी दोष दिला नसता. तो परतला. १९३७मध्ये तो संघ घेऊन मेक्सिको आणि न्यूयॉर्कच्या दौऱ्यावर गेला. बरेच खेळाडू मेक्सिकोत किंवा फ्रान्समध्येच राहिले, पण दौऱ्याच्या पैशाने क्लब तगला. १९५९मध्ये ओकॉनेल लंडनमध्ये हलाखीत वारला. बार्सिलोना आणि बेतिसचे पाठीराखे आज त्याचं नाव आदराने घेतात. त्याच्या देशात ते नाव रुळायला त्याच्या मृत्यूनंतर कित्येक दशकं गेली, कारण पाच-सहा कॅपवाल्या माणसाला तिथल्या नोंदवह्यांत ठळक जागाच नव्हती.

गिलेस्पीचं नशीब सरळ होतं. शेफील्ड युनायटेडचा कर्णधार म्हणून त्याने १९२५मध्ये एफए कप उंचावला, पंचवीस सामने देशासाठी खेळला आणि डझनभर गोल केले. हा आकडा पुढे कित्येक दशकं कोणी ओलांडला नाही. १९३२मध्ये तो डेरी सिटीचा व्यवस्थापक झाला आणि क्लबने त्याच्या सन्मानार्थ शेफील्डचे लाल-पांढरे पट्टे घेतले. ते आजही आहेत. गोलरक्षक एलिशा स्कॉटचंही तसंच. लिव्हरपूलकडे बावीस वर्षं, १९२२ आणि १९२३ची विजेतेपदं, एकतीस कॅप. मग बेलफास्ट सेल्टिकचं व्यवस्थापकपद. १९४८च्या नाताळाच्या दिवसांत लिनफिल्डच्या प्रेक्षकांनी मैदानात घुसून सेल्टिकच्या जिमी जोन्सचा पाय मोडला, आणि पुढच्या वर्षी तो क्लब साखळीतून कायमचा बाहेर पडला.

तो हल्ला म्हणजे धार्मिक-राजकीय वैराच्या फार जुन्या आजाराचं टोक होतं. १९२०च्या मार्चमध्ये आयरिश कपच्या उपांत्य फेरीत बेलफास्ट सेल्टिक आणि ग्लेंटोरन यांच्या सामन्यात गर्दीत पिस्तूल चाललं. पुढच्या वर्षी लर्गनच्या ग्लेनॅव्हन आणि डब्लिनच्या शेल्बर्न यांचा उपांत्य सामना बेलफास्टमध्ये बरोबरीत सुटला. फेरसामना डब्लिनला व्हायला हवा, असा शेल्बर्नचा रास्त दावा होता. आयएफएने तोही बेलफास्टलाच ठेवला. शेल्बर्नने खेळायला नकार दिला आणि त्याच वर्षी डब्लिनमध्ये वेगळी संघटना निघाली, आजची फुटबॉल असोसिएशन ऑफ आयर्लंड, म्हणजे एफएआय. देशाची फाळणी त्याच सुमारास होत होती. पण रग्बी आणि क्रिकेटच्या संघटना तेव्हा फुटल्या नाहीत, आजही फुटलेल्या नाहीत. म्हणून फुटबॉलच्या फुटीचं सगळं खापर राजकारणावर फोडणं मला पटत नाही. चाळीस वर्षं बेलफास्टच्या खोलीत बसून सगळं ठरवण्याची सवय हेही तितकंच मोठं कारण होतं.

इथून पुढे आयर्लंड नावाचे दोन संघ झाले. आयएफए सगळ्या बेटातून खेळाडू निवडत राहिली. एफएआयला १९२३मध्ये फिफाने सामावून घेतलं आणि १९२४च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये तिचा संघ उतरला. बल्गेरियाला १-० असं हरवताना पॅडी डंकनने गोल केला. नंतर नेदरलँड्सने जादा वेळेत त्यांना २-१ असं बाहेर काढलं. संघात आयर्लंडमधल्याच क्लबांचे हौशी खेळाडू होते. ब्रिटिश संघटनांनी या नव्या आयर्लंडशी सामने टाळले. म्हणून सामने युरोपातल्या देशांशी आणि पुष्कळदा रविवारी होत. डब्लिनमध्ये रविवार हा खेळाचा दिवस, बेलफास्टच्या प्रेस्बिटेरियन घरांत तो विश्रांतीचा आणि प्रार्थनेचा.

शनिवारचा प्रश्न सगळ्यांत स्पष्ट दिसतो तो जिमी डनच्या कारकिर्दीत. तोही रिंग्सेंडचा. आयर्लंडच्या यादवी युद्धात अगदी कोवळ्या वयात भावाबरोबर रिपब्लिकन म्हणून नजरकैदेत राहिलेला हा मुलगा पुढे शेफील्ड युनायटेडचा सेंटर फॉरवर्ड झाला. १९३०-३१च्या मोसमात त्याने पहिल्या श्रेणीत एक्केचाळीस गोल केले. पुढच्या मोसमात सलग बारा साखळी सामन्यांत गोल केला. इंग्लंडच्या सर्वोच्च श्रेणीत हा विक्रम अजून त्याचाच आहे. २०१५मध्ये जेमी वार्डी सलग अकरा सामन्यांपर्यंत पोहोचला, तेव्हा जगाला डनची आठवण झाली. ज्या राज्याच्या जन्मकाळात तो तुरुंगात होता, त्याच्या संघाकडून त्याने मे १९३०मध्ये ब्रसेल्सला बेल्जियमविरुद्ध दोन गोल केले. त्यानंतर थेट १९३६. मधली सहा वर्षं, गोलांचा पाऊस पाडत असताना, डब्लिनच्या संघात तो नाही. बेलफास्टच्या संघात मात्र त्याच काळात दिसतो. होम चॅम्पियनशिपसाठी खेळाडू सोडणं इंग्लिश क्लबांना भाग होतं, एफएआयसाठी नव्हतं. डनला कोणाकडून खेळायचं होतं हा प्रश्न विचारण्याची वेळच आली नाही. त्याने एफएआयसाठी एकूण पंधरा सामन्यांत तेरा गोल केले. मधली सहा वर्षं मिळाली असती तर तो आकडा कुठे गेला असता, या विचाराने आजही हळहळ वाटते.

डोहर्टीच्या सोळा कॅपचं गणितही असंच, फक्त त्यात दुसरं महायुद्ध मिळवायचं. १९३७मध्ये मँचेस्टर सिटीचं विजेतेपद, १९४६मध्ये डर्बीचा एफए कप, आणि मधली सात वर्षं अधिकृत आंतरराष्ट्रीय फुटबॉल नाहीच. १९५१मध्ये तो उत्तर आयर्लंडचा पहिला व्यवस्थापक झाला आणि १९५८च्या विश्वचषकात त्याने संघ उपांत्यपूर्व फेरीत नेला.

मग जॉनी केरी. डब्लिनचा, मँचेस्टर युनायटेडचा, १९४८चा एफए कप आणि १९५२ची साखळी जिंकणारा कर्णधार. तटस्थ देशाचा नागरिक असून त्याने दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश सैन्यात नोकरी केली. २८ सप्टेंबर १९४६, शनिवारी, तो बेलफास्टला आयएफएच्या आयर्लंडकडून इंग्लंडशी खेळला. २-७ असा पराभव झाला. सोमवारी डब्लिनच्या डॅलिमाउंट पार्कवर एफएआयच्या आयर्लंडकडून पुन्हा इंग्लंडशी, यावेळी ०-१. १९४९च्या सप्टेंबरमध्ये गुडिसन पार्कवर एफएआयच्या संघाने इंग्लंडला २-० असं हरवलं, तेव्हाही कर्णधार केरीच होता. गोल कॉन मार्टिन आणि पीटर फॅरेल यांचे. ब्रिटिश बेटांमधल्या चार संघटनांबाहेरच्या संघाकडून इंग्लंड मायदेशात प्रथमच हरला. हंगेरीने १९५३मध्ये वेम्बलीवर इंग्लंडला नमवल्याची गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते. तिच्या चार वर्षं आधी हे घडलं होतं.

दोन्ही संघांकडून खेळणाऱ्या या मंडळींना काही लेखकांनी संधिसाधू म्हटलं आहे. ते अन्यायाचं आहे. केरी, मार्टिन यांच्यासारख्यांची आयर्लंडची कल्पना अखंड बेटाची होती. दोन संघटनांनी ती वाटून घेतली यात त्यांचा काय दोष? शिवाय मानधनाचा प्रश्न होताच. मोसम संपला की कमी पगारावर घर चालवणाऱ्या माणसाने दोन्ही बोलावणी स्वीकारली, तर त्याच्या निष्ठेवर बोट ठेवण्याआधी त्याला पगार किती मिळत होता ते पाहावं.

१९५०मध्ये हा प्रकार थांबला. त्या वर्षीची होम चॅम्पियनशिप विश्वचषकाची पात्रता फेरीही होती. एफएआय वेगळ्या गटात स्वीडन आणि फिनलंडशी आधीच खेळली होती. म्हणजे चार खेळाडू एकाच विश्वचषकाच्या पात्रतेसाठी दोन देशांकडून खेळले : मार्टिन, डेव्ही वॉल्श, रेग रायन आणि टॉम अहर्न. ८ मार्चला रेक्समला वेल्सशी झालेली ०-० अशी बरोबरी हा आयएफएच्या अखंड आयर्लंड संघाचा शेवटचा सामना. एफएआयने दबाव आणला, फिफाने हस्तक्षेप केला, आणि नंतर दोन्ही संघांची नावं वेगळी ठरवून दिली.

प्रश्न मिटला मात्र नाही, उलट्या दिशेने परतला. अलीकडच्या दशकांत उत्तरेत जन्मलेले खेळाडू आयरिश नागरिकत्वाच्या आधारे एफएआयकडे जाऊ लागले, तेव्हा आयएफए क्रीडा लवादाकडे गेली. २०१०मध्ये डॅनियल कर्न्सच्या प्रकरणात लवादाने एफएआयच्या बाजूने निकाल दिला. फुटीनंतरही १९५०पर्यंत दक्षिणेतले खेळाडू नेणारी संघटना आता आपले खेळाडू जातात म्हणून तक्रार करत होती. तिची व्यथा मला खोटी वाटत नाही; लहानपणापासून ज्याला घडवलं तो मुलगा निघून जाणं कोणत्याही छोट्या संघाला झोंबणारच. पण या वादात १९५०पूर्वीचे दाखले देणाऱ्यांनी ते पूर्ण द्यायला हवेत, डनच्या सहा वर्षांसकट.

आज १८८२ ते १९५०चे सगळे आयएफए सामने उत्तर आयर्लंडच्या नोंदींत धरले जातात. त्यामुळे वेक्सफर्डचा लेसी, डब्लिनचे ओकॉनेल आणि हॅरिस उत्तर आयर्लंडच्या यादीत दिसतात. डन आणि केरी दोन्ही याद्यांत अर्धे-अर्धे. कोणी नवी नोंदवही करायला बसलं, तर माझी सूचना आहे की दोन्ही संघटनांचे सामने एकाच यादीत तारखेप्रमाणे लावावेत, आणि जो खेळाडू निवडीच्या लायक असून खेळला नाही त्याच्यापुढे कारण लिहावं : क्लबने सोडलं नाही, मानधनावरून बंदी, युद्ध. मॅक्रॅकनच्या कोऱ्या वर्षांपुढे त्यातली दोन कारणं येतील.